पांढरा रंग सोमवारी

त्या वर्षी आमच्या भागात सैन्य आलं. हे मी फोनवर आईला सांगितलं तेव्हा तिला वाटलं, मी थट्टा करतेय. सिडनीत कसलं सैन्य? पण आलं होतं. समुद्राकाठच्या उपनगरांत लोक टॉवेल अंथरून ऊन खात पडले होते, बातम्यांत त्यांचे फोटो येत होते. आणि आमच्या पश्चिमेकडच्या वस्त्यांवर, जिथे आम्ही भारतीय, लेबनीज, आफ्रिकन, व्हिएतनामी लोक राहतो, तिथे दिवसभर हेलिकॉप्टर घिरट्या घालत होतं. कोरोनाचा लॉकडाउन अख्ख्या शहराला होता म्हणे, पहारा मात्र आम्हाला. आजही ते आठवलं की माझं डोकं फिरतं.

आम्ही तेव्हा वेंटवर्थव्हिलला, स्टेशनपासून जवळच, लाल विटांच्या एका जुन्या इमारतीत राहत होतो. समोरच्या दारात एक साठीची बाई एकटी राहायची. मूळची इरिट्रियाची. गुडघे जाईपर्यंत तिने पॅरामॅटाच्या बाजूला बस चालवली होती. आधी आमचं नातं जिन्यातल्या हसण्यापुरतंच होतं. मग सरकारने नियम काढला की एकट्या राहणाऱ्याने एक माणूस निवडावा, तेवढ्यालाच घरी येता येईल. तिने माझं दार वाजवलं आणि सरळ विचारलं, "तू माझा तो एक माणूस होशील का?" इतक्या वर्षांत मला कुणी इतकं थेट काही विचारलं नव्हतं. मी हो म्हटलं आणि पंधरवड्यात तिला मावशी म्हणायला लागले. मावशी म्हणजे आईची बहीण, हे सांगितल्यावर तिने मान हलवली, पद स्वीकारल्यासारखी. आमचं बोलणं इंग्रजीत व्हायचं, तिचं तिच्या उच्चारात, माझं माझ्या. इथे ते मी मराठीत लिहितेय.

एका दुपारी मी तिच्याकडे बसलेली असताना दार वाजलं. एक पोलीस आणि दोन सैनिक, घरात कोण कोण आहे ते तपासायला. नियमात असूनही मी चोरी पकडल्यासारखी उभी राहिले. मावशी मात्र पोलिसाकडे बघतच नव्हती. दोन सैनिकांतली एक मुलगी होती, विशीतली, मास्कच्या वर घामेजलेलं कपाळ. मावशी तिलाच न्याहाळत होती, बुटांपासून टोपीपर्यंत. पोलिसाचं झाल्यावर तिने त्या मुलीला विचारलं, "तुझी आई काय म्हणते?"

मुलगी गोंधळली. मग हसली. "मम? शी'ज स्टोक्ड, एकदम खूश. फ्रिजवर फोटो लावलाय माझा, युनिफॉर्मातला."

मावशीने दार लावलं आणि बराच वेळ दाराची मूठ धरून उभी राहिली. "फ्रिजवर," ती म्हणाली. "माझ्या आईने माझा फोटो पिठाच्या डब्याखाली ठेवला होता. बापाला दिसू नये म्हणून."

मला तेव्हा कळलं की माझी शेजारीण सैनिक होती. बारा वर्षं. सतरा वर्षांची असताना घरातून पळून डोंगरात गेली, बंदूक शिकली, लिहायला-वाचायलासुद्धा तिथेच शिकली, आणि मग ट्रक चालवायला लागली. इथिओपियापासून देश स्वतंत्र होईपर्यंत. तिच्यासारख्या हजारो होत्या. खाकी अर्ध्या चड्ड्या, प्लास्टिकच्या चपला, पुरुषांच्या बरोबरीने खंदकात. तुटलेली चप्पल तापवलेल्या सुरीने डागून परत जोडायची, ही त्यांची कला. तिच्याकडे तसा एक जोड अजून होता, कपाटात, कापडात गुंडाळलेला.

"आणि स्वातंत्र्य मिळाल्यावर?" मी विचारलं.

"मिरवणूक निघाली. बायकांनी आमच्यावर लाह्या उधळल्या. मग सगळे घरी गेले. डोंगरातच माझं लग्न झालं होतं, आणि सासूने मला बघून माझ्या नवऱ्याला सांगितलं, ही पुरुषांच्यात झोपलेली बाई आहे, घरात नको. तोही खंदकातच होता ना माझ्या शेजारी! पण तो शूर ठरला आणि मी बिघडलेली."

हे सांगताना ती कॉफीच्या बिया भाजत होती. आवाज चढला नाही. चढला माझाच. मी काहीतरी तावातावाने बोलले आणि तिने मला गप्प करायला भाजलेल्या बियांचा धूर माझ्या नाकाखाली धरला. त्यांच्याकडे तशी पद्धतच आहे, आधी सगळ्यांनी वास घ्यायचा, मग दळायचं.

तिला एकच गोष्ट हवी होती. तिच्याबरोबर एक मैत्रीण होती, तिच्याच वयाची, लग्नाच्या आदल्या दिवशी घरातून निघून आलेली. ती मेली. स्वातंत्र्यानंतर मावशी तिच्या गावी गेली, आईवडलांना सांगायला. बाप उंबऱ्यात उभा राहिला आणि म्हणाला, आम्हाला अशी मुलगी नव्हतीच. मावशीने नाव घ्यायच्या आत दार बंद. इथे सिडनीत त्यांच्या लोकांचा दरवर्षी कार्यक्रम होतो, हुतात्म्यांचा. भाषणं पुरुष करतात. बायका मागे स्वयंपाक करतात. मावशीने दोनदा बोलू द्या म्हणून विचारलं होतं. दोन्ही वेळा पुढच्या वर्षी बघू.

"एकदा," ती म्हणाली, "चार लोकांसमोर तिचं नाव घ्यायचंय आणि ती कशी गेली ते सांगायचंय. एवढंच. मग मी मरायला मोकळी."

नाव लिहायचं मात्र नाही, असं तिने मला बजावलं. मैत्रिणीची भावंडं अजून तिकडेच आहेत, लिहिलेलं कुठे जाऊन पोचेल आणि त्यांना काय त्रास होईल सांगता येत नाही. म्हणून इथेही ते लिहीत नाही. तेव्हा तर ते तिने मलाही सांगितलं नव्हतं. दोनदा सांगायचं बळ नाही म्हणाली.

नेमकं त्याच आठवड्यात आमच्या मराठी मंडळाचं नवरात्राचं ठरत होतं. हॉल बंद, गरबा बंद, म्हणून अध्यक्षबाईंनी कल्पना काढली होती: 'नवदुर्गा'. नऊ संध्याकाळी झूमवर नऊ कर्तबगार स्त्रिया, आणि रोज त्या दिवसाच्या रंगाची साडी. यादीत एक डेंटिस्ट, एक घरं विकणारी, एक योगावाली, एक चकल्या विकून नाव काढलेली. सगळ्या चांगल्याच. पण एक जागा रिकामी होती. मी मीटिंगमध्ये हात वर केला आणि मावशीबद्दल सांगितलं.

मग अध्यक्षबाई म्हणाल्या, "हाउ इंटरेस्टिंग! पण अगं, गन्स वगैरे... मुलं बघत असतात ना. फॅमिली इव्हेंट आहे आपला."

"पोस्टरवर देवीच्या आठ हातांत आठ शस्त्रं आहेत," मी म्हटलं. "पायाखाली राक्षस मरून पडलाय."

"ते सिम्बॉलिक आहे गं."

"दर गणपतीला फॅन्सी ड्रेसमध्ये पुठ्ठ्याची तलवार घेऊन, पाठीला बाहुली बांधून पाच-पाच मुली येतात. त्यांना आपण बक्षीस देतो."

"तू ना, कशाचं काय काढतेस. आणि पॉलिटिकल नको, मंडळ नॉन-पॉलिटिकल आहे." मग जरा आवाज उतरवून, "म्हणजे ती तुमच्या बिल्डिंगमधली ना? क्लीनर आहे ती?"

"बस चालवायची," मी दात-ओठ खात म्हटलं, आणि माझी मलाच चीड आली. क्लीनर असती तर काय झालं असतं?

शेवटी चकलीवालीने तोडगा काढला. बाईंनी पंधरा मिनिटं आपला अनुभव सांगावा, नंतर कॉफी करून दाखवावी. सगळ्यांनी अंगठे दाखवले. मी मावशीला जाऊन सांगितलं. तिने मला एकच विचारलं, "तुमच्या बायका ऐकतील ना?"

"ऐकतील," मी म्हटलं.

चार दिवसांनी ग्रुपवर पोस्टर आलं. 'आफ्रिकन कॉफीची लज्जत!' खाली कॉफीचा कप आणि त्याच्या मागे जिराफ. मी तडक अध्यक्षबाईंना फोन लावला. त्या म्हणाल्या, "टायटल कॅची नको का? बोलू दे ना तिला काय बोलायचं ते. जस्ट चिल, यार." मावशीला पोस्टर दाखवायची मला लाज वाटत होती, पण तिने मागितलं. जिराफाकडे बघून ती म्हणाली, आमच्या गावात हा मी कधी बघितला नाही. आणि मग कपाटातून चपला काढून उन्हात पुसत बसली.

तिची संध्याकाळ शनिवारी आली. शनिवारचा रंग करडा. आमच्या स्वयंपाकघरात मी लॅपटॉप ओट्यावर उभा केला, शेगडीजवळ, म्हणजे कॉफी नीट दिसेल. मावशी आली ती पांढऱ्या सुती पोशाखात, वर पातळ पांढरी ओढणी, पायात त्या प्लास्टिकच्या चपला. त्यांच्याकडे कॉफी करताना असंच नेसतात. केस तिने मोकळे, मोठे ठेवले होते, लढाईतल्यासारखे. फार सुंदर दिसत होती.

तेवढ्यात माझ्या फोनवर अध्यक्षबाईंचा मेसेज आला. "प्लीज तिला सांग ना, आज ग्रे आहे. व्हाइट मंडेला. फोटोंचा कोलाज बिघडतो."

मी फोन उलटा करून ठेवला. साठेक चौकोन होते स्क्रीनवर, बहुतेकींनी करड्या साड्या नेसल्या होत्या, कुणाच्या मागे देवघर, कुणाच्या मागे टीव्ही. अध्यक्षबाईंनी इंग्रजीत ओळख करून दिली, त्यात 'ॲरोमा' दोनदा आला आणि 'सोल्जर' एकदाही नाही.

मावशीने तवा शेगडीवर ठेवला आणि बोलायला लागली. "मी सैनिक होते," हे पहिलंच वाक्य. ती हळू बोलत होती, शब्द निवडत. डोंगर, दिवसा येणारी विमानं, म्हणून फक्त रात्री चालणारे ट्रक, तेही दिवे न लावता. चौकोनांतल्या काही बायकांची हालचाल थांबलेली मला दिसली. एकीने नवऱ्याला हाताने गप्प केलं. "अंधारात घाटाचा रस्ता ड्रायव्हरला दिसत नाही," मावशी सांगत होती. "म्हणून एकजण ट्रकच्या पुढे चालायची. माझ्यापुढे माझी मैत्रीण चालायची. तिचं नाव..."

"वॉव, आंटी, सो इन्स्पायरिंग!" स्पीकरमधून अध्यक्षबाईंचा आवाज आला. "वेळ जरा कमी आहे आपल्याकडे, तर आता आपण कॉफीकडे वळू या का?"

मावशीने हात वर केला, एक मिनिट, असा. आणि बोलत राहिली. स्क्रीनच्या कोपऱ्यात माइकवर लाल रेघ आली होती. मी ती काढायला गेले तर निघेना. यजमानांनी आवाज बंद केला आहे, अशी पाटी. मी पुन्हा दाबलं. पुन्हा तीच पाटी. बघा गंमत, माझं पोट सॉफ्टवेअरवर चालतं, आणि मी ते एवढंसं बटण वेड्यासारखी बडवत होते.

"थांब," मी मावशीला म्हटलं. "त्यांना ऐकू जात नाहीये."

"यंत्र बिघडलं?"

"नाही. त्यांनी बंद केलं."

तव्यावरच्या बिया काळ्या पडायला लागल्या होत्या. ती समजूतदारपणे हसेल, मला म्हणेल जाऊ दे पोरी, असं मला उगाच वाटलं. तिने शेगडी बंद केली, तवा सिंकमध्ये आपटला, आणि तिचा चेहरा मी कधी पाहिला नव्हता तसा झाला.

"कुठे राहते ती?"

"गिरावीनला."

"पाच किलोमीटरच्या आत?" घरापासून तेवढंच लांब जायची तेव्हा परवानगी होती.

"आत."

"चल. व्यायामाला परवानगी आहे."

मी गाडी काढते म्हटलं, तिच्या गुडघ्यांसाठी. तिने ऐकलं नाही. आम्ही मास्क चढवले आणि निघालो. संध्याकाळचं ऊन होतं. वाटेत इडलीच्या हॉटेलपुढे पार्सलसाठी दीड-दीड मीटरवर माणसं उभी होती, त्यांनी वळून तिच्याकडे पाहिलं. पुलापलीकडे मॅगपाय पक्षी अंडी राखत होता, तो माझ्या डोक्यावर झेपावला, तिच्या नाही. मी सगळ्या वाटेने बडबडत होते, मंडळ सोडते, फी परत मागते, यांना असं सुनावते, तसं सुनावते. मावशी पुढे बघत चालत होती. पाय ओढत होती, पण थांबली नाही.

अध्यक्षबाईंच्या दाराला तोरण होतं, पायरीवर रांगोळी, छापील. मी घंटा वाजवली. मावशी फाटकाच्या बाहेर, फुटपाथवरच उभी राहिली. नियम म्हणजे नियम.

दार उघडलं. करडी पैठणी, अंबाड्यावर गजरा, आणि हातात फोन. फोनवर चिमुकले चौकोन दिसत होते. कार्यक्रम अजून संपला नव्हता, बाई मीटिंग तशीच चालू ठेवून दारात आल्या होत्या. मला बघून त्यांनी कपाळाला आठ्या घातल्या, आणि मग मागे फुटपाथवरचं पांढरं काहीतरी दिसलं तशा त्या वरमल्या.

"ओह, आंटी! आय ॲम सो सॉरी. टेक्निकल इश्यू झाला काहीतरी."

"टेक्निकल इश्यू म्हणजे बंदूक अडकते तो," मावशी म्हणाली. "हे तुझं बोट होतं."

अध्यक्षबाईंनी माझ्याकडे पाहिलं. मराठीत, दबक्या आवाजात, "अगं, हे काय चालवलंयस? शेजारी बघतायत. हिला घेऊन जा ना."

शेजारी खरंच बघत होते. समोरचं तेलुगू कुटुंब ओसरीवर आलं होतं, एक म्हातारा गोरा कुत्र्याला घेऊन थांबला होता. मी म्हटलं, "नाही नेणार. तिची दहा मिनिटं उरलीत." आणि बाजूला झाले.

मावशीने मास्क हनुवटीवर ओढला. झूमवर ती शब्द निवडत होती, इथे नाही. "ती माझ्या ट्रकच्या पुढे चालायची. पाठीवर पांढरं कापड बांधून. अंधारात मला रस्ता दिसायचा नाही, कापड दिसायचं. ते डावीकडे गेलं की मी डावीकडे. रोज रात्री. माझ्या ट्रकमध्ये जखमी असायचे, ती त्यांना ऐकू जावं म्हणून गाणी म्हणायची, मोठ्याने, बेसूर. एका रात्री जमिनीत सुरुंग होता. तो माझ्या चाकासाठी पेरला होता. पाय तिचा पडला. मागे ट्रकमध्ये एकवीस माणसं होती, ती जगली. मी जगले. तिच्या बापाने सांगितलं, मला अशी मुलगी नव्हती. माझे लोक सांगतात, पुढच्या वर्षी बोल. आणि तू, तू बाई आहेस, तू भिंतीवर आठ हातांची बाई लावतेस, आणि तू मला कॉफी कर म्हणतेस."

मग तिने नाव घेतलं. पूर्ण नाव, तिचं, तिच्या बापाचं, आजोबांचं, त्यांच्याकडे असतं तसं. इतक्या मोठ्याने की कुत्रा भुंकला.

"आता तू म्हण," ती अध्यक्षबाईंना म्हणाली.

"आंटी, प्लीज..."

"म्हण."

बाईंच्या हातातला फोन खाली लोंबत होता, पण चालू होता. यजमान त्याच, त्यामुळे त्यांचा माइक उघडाच. चौकोनांतली एकही बाई हलत नव्हती. हे अध्यक्षबाईंच्या ध्यानात आलं नव्हतं आणि मी ते आणून दिलं नाही. कशाला देऊ?

त्यांनी नाव घेतलं. पुटपुटत. मावशी तशीच उभी राहिली. त्यांनी पुन्हा घेतलं, या वेळी स्पष्ट, आणि आजोबांच्या नावापर्यंत येईतो त्यांचा आवाज कापायला लागला. त्यांना माफ करावं असं मला तेव्हाही वाटलं नाही, आजही वाटत नाही. पण त्यांनी नाव घेतलं, हे खरं आहे.

मावशीने मास्क वर ओढला आणि वळली.

दुसऱ्या दिवशी ग्रुपवर 'अमेझिंग कॉफी सेशन'चे आभार आले, करड्या साड्यांच्या कोलाजसकट. त्यात आमचा चौकोन नव्हता. त्याखाली चकलीवालीने फक्त ते नाव लिहिलं. मी तिला लगेच फोन करून ते पुसायला लावलं, का ते सांगितलं. ती रडत होती. म्हणाली, लिहीत नाही, पण विसरणारही नाही. मग मी ग्रुप सोडला.

पण हे दुसऱ्या दिवशीचं. त्या संध्याकाळी आम्ही परत निघालो तेव्हा अंधारून आलं होतं. मी मावशीला विचारलं, "बरं वाटलं का?"

"नाही," ती म्हणाली. "पण सांगून झालं."

गिरावीनच्या त्या गल्लीत फुटपाथ अरुंद आहे, दोघींना बरोबर चालता येत नाही. ती पुढे झाली. दुखऱ्या गुडघ्यांनी, प्लास्टिकच्या चपला फटफटवत, कुठलंसं गाणं मोठ्याने, बेसूर म्हणत. मी तिच्या पाठीवरच्या पांढऱ्या ओढणीकडे बघत मागून चालत राहिले.